दरज, गिलावा, डागडुजी : जुन्या वीटकामाच्या दुरुस्तीची परिभाषा आणि तिच्यातील विचार

१. विषयप्रवेश

मराठी साहित्यात वाड्याच्या पडझडीची वर्णने विपुल आहेत. महेश एलकुंचवार यांच्या 'वाडा चिरेबंदी' (१९८५) या नाटकापासून ग्रामीण कादंबरीपर्यंत पडता वाडा हा मोडकळीला आलेल्या कुटुंबव्यवस्थेचे आणि सरंजामी आर्थिक रचनेचे प्रतीक म्हणून वाचला गेला आहे. बंगालीतही जमीनदाराच्या जुन्या घराची 'नोना धरा' म्हणजे खार फुटलेली भिंत ही वाचकाच्या ओळखीची आहे. प्रतीक म्हणून हे वाचन योग्यच होय. तथापि भिंत प्रत्यक्षात कशाने ढासळते, ती सावरावयाची कशी, आणि सावरण्याच्या हेतूने केलेले काम तिला अधिक वेगाने कसे पाडू शकते, हा प्रश्न साहित्याच्या अभ्यासकाने सहसा गवंड्याकडे सोपवलेला असतो.

प्रस्तुत लेखात तो प्रश्न अभ्यासकाच्या मेजावर आणण्याचा हेतू आहे. त्याला एक भाषिक निमित्तही आहे. इंग्रजीत भाषांतर करण्याला आणि बाहेरील भिंतीवर लेप चढवण्याला 'रेंडर' हे एकच क्रियापद आहे. मराठीत असा योग नाही. परंतु मराठी गवंड्याच्या बोलीत दरज, गिलावा, डागडुजी, मुरवणे असे जे शब्द आहेत, त्यांत जुनी भिंत कशी राखावी याचा एक सुसंगत विचार साठवलेला आहे. या शब्दांची जागा 'पॉइंटिंग', 'प्लास्टर', 'क्युरिंग' या शब्दांनी घेतली, तेव्हा केवळ नावे बदलली नाहीत; द्रव्य बदलले, रीत बदलली आणि भिंतीविषयीची समजूतही बदलली. त्या बदलाची किंमत आज पुण्याच्या पेठांतील, वडोदऱ्याच्या जुन्या शहरातील आणि अन्यत्र मराठी माणसांनी बांधलेल्या अनेक घरांच्या भिंती मोजत आहेत. म्हणून येथे प्रथम भिंतीची घडण, नंतर चुन्याचे स्वरूप, त्यानंतर सिमेंटमुळे झालेले अर्थांतर आणि शेवटी दुरुस्तीचा क्रम व त्यामागील तत्त्व यांचा विचार केला आहे.

२. भिंतीची घडण : शिवण आणि कापड

देशावरील वाड्याचे जोते व खालचा भाग बहुधा दगडी असतो आणि वरचे मजले लाकडी सांगाडा व वीट यांचे असतात. विटा आजच्या यंत्राने दाबून पाडलेल्या विटांहून पातळ, मऊ आणि कमी-अधिक भाजलेल्या. त्या चुन्यात, पुष्कळदा आतल्या बाजूस मातीतही, बसवलेल्या आढळतात. बाहेरून चुन्याचा गिलावा आणि त्यावर चुन्याची सफेदी. अशा भिंतीत पावसाळ्यात ओल शिरते व उन्हाळ्यात ती बाहेर पडते. भिंत ओलीच होऊ नये ही अपेक्षा येथे मुळातच नाही. ती ओली झाल्यावर वाळावी, एवढीच अपेक्षा आहे.

दोन विटांमधील सांध्याला मराठीत 'दरज' म्हणतात आणि तो सांधा नव्याने भरण्याला 'दरजा भरणे'. मूळ फारसी 'दर्ज़' म्हणजे शिवण. कपडे शिवणारा तो 'दर्जी'. 'डागडुजी' या शब्दाच्या उत्तरार्धातही शिवणकामच आहे. 'जरदोजी'मधील 'दोजी' ती हीच. म्हणजे या परिभाषेत भिंत हे शिवलेले वस्त्र आहे. विटा हे कापड आणि चुना हा धागा.

हे रूपक भिंतीच्या वर्तनाला नेमके लागू पडते. ताण आला तर शिवण उसवावी, कापड फाटू नये, हा शिंप्याचा नियम आहे. कारण उसवलेली शिवण पुन्हा घालता येते, फाटलेले कापड पूर्ववत होत नाही. जुन्या भिंतीत चुन्याची दरज विटेहून मऊ आणि अधिक सच्छिद्र असते. जमीन किंचित खचली, लाकूड फुगले किंवा आखडले, तर बारीक भेगा दरजेत पडतात. ओल वाळताना ती दरजेवाटे बाहेर पडते आणि तिच्याबरोबर आलेले क्षार दरजेच्या पृष्ठभागावर साचतात. काही दशकांनी दरज झिजते. ती झिजावी म्हणूनच असते. ती खरवडून पुन्हा भरली की भिंतीचे आयुष्य वाढते आणि वीट शाबूत राहते. जुन्या वीटकामाच्या दुरुस्तीचे सारे शास्त्र या एका वाक्यात सांगता येईल : नवे द्रव्य मूळ द्रव्याहून दुबळे असले पाहिजे.

गिलाव्याचेही तसेच. 'गिलावा' या शब्दाच्या मुळाशी फारसी 'गिल' म्हणजे माती आहे. इंग्रजी 'प्लास्टर' ज्या ग्रीक शब्दापासून आला त्याचा अर्थ जखमेवर बसवण्याचा लेप असा आहे, आणि संस्कृत 'लेप' हा शब्दही वैद्यक व वास्तू या दोन्ही क्षेत्रांत वावरतो. दोन्ही भाषांतील ही जुळणी उद्बोधक आहे. गिलावा ही मलमपट्टी होय, चिलखत नव्हे. तो भिंतीवरचा मारा स्वतःवर घेतो, झिजतो आणि बदलला जातो.

३. चुना : भाजणे, विरवणे, मुरवणे

संस्कृतात 'सुधा' या शब्दाचे अमृत आणि चुन्याचा लेप असे दोन्ही अर्थ आहेत. अमरकोशाच्या नानार्थवर्गात ते शेजारी शेजारी नोंदले आहेत. 'सौध' म्हणजे प्रासाद हा शब्द या 'सुधे'पासून झाला : जे चुन्याने लेपलेले ते सौध. आपला 'चुना' मात्र 'चूर्ण' या साध्या शब्दापासून आला. तोच तमिळमार्गे इंग्रजीत जाऊन 'चुनम' झाला आणि १८८६ च्या 'हॉब्सन-जॉब्सन' या कोशात त्याला स्वतंत्र नोंद मिळाली. फारसी 'गच' म्हणजे चुन्याचा किंवा जिप्समचा लेप. आपली 'गच्ची' त्या घराण्यातली. एका भिंतीपुरत्या शब्दसंग्रहात संस्कृत, फारसी, द्राविडी आणि इंग्रजी यांचा असा मेळ पडतो, ही गोष्ट तौलनिक अभ्यासकाच्या नजरेतून सुटू नये.

चुन्याचे चक्र थोडक्यात असे. चुनखडी, काळ्या जमिनीत सापडणारे कंकर किंवा किनाऱ्यावरचे शिंपले भट्टीत सुमारे ९०० अंश सेल्सिअस तापमानाला भाजले की त्यांतील कार्बन डायऑक्साइड निघून जातो आणि 'कळीचा चुना' उरतो. महाराष्ट्रात हे काम परंपरेने लोणारी समाजाकडे होते. कळीच्या चुन्यावर पाणी घातले की तो उकळून फुलतो. याला चुना 'विरवणे' म्हणतात. विरवलेला चुना चाळून पाण्याखाली मुरत ठेवतात. जितका अधिक मुरेल तितका तो लोण्यासारखा चिकण होतो. मराठीत लोणचे मुरते, मुरांबा मुरतो, तसाच चुनाही मुरतो. काळ हाच येथे एक घटक आहे, हे या क्रियापदातून सुचते. भिंतीवर चढल्यानंतर हा चुना हवेतील कार्बन डायऑक्साइड हळूहळू परत घेतो आणि पुन्हा चुनखडी होतो. पृष्ठभागापासून आत सरकणारी ही प्रक्रिया पूर्ण व्हायला महिने, जाड थरात वर्षेही लागतात.

केवळ शुद्ध चुना ओल्या जागी लवकर धरत नाही. म्हणून त्यात सुरखी मिसळतात. फारसी 'सुर्ख' म्हणजे लाल. सुरखी ही मध्यम भाजलेल्या विटेची भुकटी. तिच्यातील सिलिका व ॲल्युमिना यांचा चुन्याशी संयोग होऊन ओलीतही कठीण होणारे संयुग तयार होते. फार भाजलेल्या, काळ्या पडलेल्या विटेच्या भुकटीत हा गुण राहत नाही. रोमन वास्तुशास्त्रकार व्हिट्रुव्हियस यानेही नदीच्या वा समुद्राच्या वाळूच्या चुन्यात भाजक्या खापरांची भुकटी एक तृतीयांश प्रमाणात घालावी असे सांगितले आहे. बंगालीतील 'चुन-शुरकी' हा जोडशब्द त्याच ज्ञानाचा पूर्वेकडील साक्षीदार होय.

चुना, वाळू आणि सुरखी एकजीव करण्यासाठी बैलांनी फिरवायचे दगडी चाक आणि त्याखालचा वर्तुळाकार चर यांचा 'घाणा' असे. महाराष्ट्रातील कित्येक किल्ल्यांवर चुन्याचे घाणे आजही पडून आहेत. घाण्यात चुना कालवला जात नाही, दळला जातो. वाळूच्या प्रत्येक कणाला चुन्याचा थर बसतो. गूळ, हिरडा, बेलफळाचा गर, उडदाचे पाणी, तागाचे तंतू यांची भर प्रदेशागणिक निराळी. गुळाने चुना कालवायला सोपा होतो व त्याच्या धरण्याचा वेग बदलतो. तंतूंनी आकसण्याच्या भेगा कमी होतात. वेरूळच्या लेण्यांतील मातीच्या गिलाव्यात भांगेच्या झाडाचे तंतू मिसळलेले आढळल्याचे संशोधन २०१६ मध्ये 'करंट सायन्स'मध्ये प्रसिद्ध झाले आहे. वराहमिहिराच्या बृहत्संहितेत 'वज्रलेपा'साठी स्वतंत्र अध्याय आहे. या पाककृती पुष्कळ आहेत. परंतु त्यांना मंत्राचे सामर्थ्य चिकटवण्याचे कारण नाही. उत्तम मुरलेला चुना आणि योग्य वाळू नसेल तर गुळाने भिंत तरत नाही.

४. सिमेंट : एका शब्दाचे अर्थांतर

जोसेफ ॲस्पडिन याने १८२४ मध्ये इंग्लंडात 'पोर्टलँड सिमेंट'चे पेटंट घेतले. भारतात १९०४ मध्ये मद्रास येथे सिमेंटनिर्मितीचा पहिला प्रयत्न झाला आणि १९१४ मध्ये पोरबंदर येथे उत्पादन सुरू झाले. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत 'चुना' हा शब्द बांधकामातून हटून सफेदीपुरता आणि पानापुरता उरला. काम करणारा गवंडी, थापी, रंधा आणि ओळंबा तेच राहिले. म्हणून वरवर पाहता काहीच बदलले नाही. गिलाव्याला 'प्लास्टर' म्हटले गेले, एवढेच.

वस्तुतः बदल मूलगामी होता. सिमेंट पाण्याशी संयोग पावून कठीण होते, चुना हवेशी संयोग पावून. सिमेंट काही तासांत धरते, चुना महिन्यांनी. सिमेंटचा थर घट्ट व ताठर असतो आणि वाफेला सहजी वाट देत नाही. चुन्याचा थर सच्छिद्र व किंचित लवचीक असतो. नव्या, कठीण विटांच्या किंवा काँक्रीटच्या इमारतीला सिमेंट योग्यच आहे. तेथे सारी घटकद्रव्ये एकाच कुळातली असतात. जुन्या भिंतीवर मात्र ते परभाषेतील वाक्यरचना जशीच्या तशी लादावी तसे बसते : शब्द सारे ओळखीचे, पण वाक्याला श्वास नाही.

परिणामांचा क्रम ठरलेला आहे. भिंतीत ओल शिरते, कारण छत, जोते आणि जमीन यांतून ती नेहमीच शिरत असते. सिमेंटच्या थरामागे ती अडकते. थराला पडलेल्या केसासारख्या भेगांतून पावसाचे पाणी आत जाते, पण बाहेर येऊ शकत नाही. विरघळलेले क्षार आता दरजेऐवजी विटेच्या अंगात, गिलाव्याच्या पाठीमागे, स्फटिकरूप धरतात. स्फटिक वाढताना विटेचा पृष्ठभाग फुटतो. सिमेंटमधून विरघळणारे क्षार या साठ्यात भरच घालतात. काही वर्षांनी गिलावा फुगतो, ठोकला तर बद्द वाजतो, आणि पडतो तेव्हा विटेची भाजलेली कातडी बरोबर घेऊन पडतो. उघडी पडलेली वीट आतून पिठासारखी निघते. भिंत आतून मातीत बांधलेली असेल तर संकट अधिक गंभीर. अडकलेल्या पाण्याने माती मऊ होते आणि बाहेरून धडधाकट दिसणारी भिंत पोटातून सुटते.

केवळ दरजा सिमेंटने भरल्या तरी हेच घडते, मात्र चित्र उलटे दिसते : सिमेंटच्या दरजा जाळीसारख्या पुढे राहतात आणि विटा झिजून मागे जातात. शिवण शाबूत आणि कापड विरलेले! ज्या द्रव्याने झिजायचे ते टिकले, आणि जे राखायचे तेच गेले.

येथे भाषेचा वाटा दुर्लक्षणीय नाही. 'क्युरिंग' या शब्दाचा सिमेंटच्या संदर्भातील अर्थ भरपूर पाणी मारणे असा रूढ झाला. चुन्याला ओलसरपणा हवा, परंतु हवाही हवी. सतत भिजलेला चुना हवा घेऊ शकत नाही. 'मजबूत' या विशेषणाचेही तसेच. कंत्राटदार मालकाला मजबूत प्लास्टरची हमी देतो आणि मालकाला ती योग्यच वाटते. भिंतीच्या बाबतीत मजबुतीचा अर्थ काठिण्य असा नसून परस्परांशी जुळवून घेणे असा आहे, हे सांगणारा शब्द आता व्यवहारात नाही. पारिभाषिक शब्द एका द्रव्यावरून दुसऱ्यावर सरकतो तेव्हा कोश गप्प राहतो आणि भिंत बोलते.

५. दुरुस्तीचा क्रम

'कुठेतरी पाणी मुरते आहे' हा मराठी वाक्प्रचार आता संशयासाठी वापरला जातो. भिंतीच्या दुरुस्तीत तो अक्षरशः पहिला प्रश्न आहे. फुटकी पन्हळ, सरकलेली कौले, अपुरी वळचण, भिंतीला लागून असलेली मोरी, वरचेवर डांबर चढून जोत्याहून उंच झालेला रस्ता ही ओलीची नेहमीची उगमस्थाने होत. ती दूर केल्याविना केलेला गिलावा, मग तो चुन्याचा असला तरी, व्यर्थ होय. पिंपळ किंवा वड उगवला असेल तर तो ओढून काढू नये. मुळांबरोबर विटा निसटतात. वरून कापून, मूळ मारून, ते वाळल्यावर तो भाग सोडवून पुन्हा बांधावा लागतो. त्यानंतर भिंतीला वाळण्यास वेळ द्यावा. पावसाळा संपल्यावर काही आठवडे तरी.

दुसरी पायरी वाचनाची. लाकडी थापीच्या दांड्याने भिंत ठोकून बद्द वाजणारे भाग खडूने आखून घ्यावेत. जो जुना गिलावा घट्ट आहे तो ठेवावा. मूळ चुन्याचा एखादा सांदीतला तुकडा घेऊन सौम्य आम्लात टाकला तर चुना विरघळतो आणि वाळू व सुरखी खाली उरते. तिच्या रंगावरून व कणांवरून मूळ मिश्रणाची कल्पना येते. वाळूत खडा किती, सुरखी किती, तंतू आहेत का, हे येथे कळते. नवे मिश्रण या वाचनावर बेतावे. भारतीय मानक ७१२ च्या १९८४ मधील आवृत्तीत बांधकामाच्या चुन्याचे सहा वर्ग केले असून कंकरापासूनचा चुना आणि शुद्ध, स्निग्ध चुना यांना निरनिराळे स्थान दिले आहे. म्हणजे 'चुना' हे एकवचन फसवे आहे. बाजारात मिळणारी कोरडी फक्की मुरवलेल्या चुन्याची जागा घेऊ शकत नाही.

सिमेंट आधीच चढवलेले असेल तर ते उतरवण्याचा मोह आवरता घ्यावा लागतो. जेथे ते सुटले आहे तेथे हातछिन्नीने हलकेच काढावे. जेथे ते विटेला घट्ट चिकटले आहे तेथे बळजबरीने काढल्यास वीटच फुटते. यंत्राची कटाई दरजेपेक्षा रुंद खाच पाडते आणि विटांच्या कडा कायमच्या तोडते.

दरजा साधारणपणे त्यांच्या रुंदीच्या दुप्पट खोलीपर्यंत मोकळ्या कराव्यात, धूळ झाडावी, पाणी शिंपडून भिंत ओलसर करावी. कोरडी वीट ओल्या चुन्यातील पाणी शोषून घेते आणि चुना धरण्यापूर्वीच भुसभुशीत होतो. मग चुना दाबून, थराथराने भरावा. तो विटेच्या तोंडावर पसरू देऊ नये. ज्या विटा पोखरल्या आहेत त्या हलकेच सोडवून, मागची बाजू चांगली असल्यास त्याच उलटवून बसवता येतात. नव्या विटा घ्यायच्या तर त्या आकाराने, भाजणीने आणि मऊपणाने जुन्यांशी जुळणाऱ्या असाव्यात. पडलेल्या समकालीन बांधकामातील विटा सर्वांत उत्तम. विटा पाण्यात भिजवूनच लावाव्यात.

गिलाव्याचे सामान्यतः तीन थर. मोठे खळगे विटेचे तुकडे व चुना यांनी आधी भरून घ्यावेत. एक भाग चुन्याला तीन भाग वाळू, किंवा ओलीच्या जागी एक भाग चुना, एक भाग सुरखी व दोन भाग वाळू, ही रूढ प्रमाणे होत. अंतिम निर्णय जुन्या नमुन्याचा. पहिला थर १० ते १२ मिलिमीटर. त्यावर ओरखडे काढून पुढच्या थराला पकड द्यावी. तो घट्ट झाल्यावरच, घाई न करता, दुसरा थर. धरू लागलेला चुना लाकडी थापीने थापटत राहतात. थापटल्याने आकसण्याच्या भेगा मिटतात. सिमेंटच्या कामात हा टप्पाच नाही, म्हणून नवे गवंडी तो विसरतात. शेवटचा पातळ थर निरूचा म्हणजे बारीक चाळलेल्या मुरवलेल्या चुन्याचा. प्रत्येक थर ओलसर गोणपाटाने उन्हापासून झाकावा. दिवाळीनंतर सुरू केलेले काम थंडीत सावकाश धरते. वैशाखातल्या उन्हात ते करपते आणि आषाढात वाहून जाते. पहिल्या पावसाळ्यात भिंतीला आडोसा हवा. कोकणात पावसाळ्यापूर्वी भिंतींना झावळ्यांची झापे बांधण्याची रीत होती, तिच्यामागे हीच जाण आहे.

सर्वांत वर पातळ सफेदीचे अनेक हात. रंग हवा असेल तर गेरू, पिवडी यांसारखी मातीची रंगद्रव्ये चुन्यात मिसळावीत. तैलरंग किंवा प्लास्टिक रंग दिला तर खालच्या तीनही थरांचे श्रम वाया जातात. कारण श्वासाची वाट शेवटच्या थरात बंद होते. सफेदी दर एक-दोन वर्षांनी पुन्हा द्यावी लागते. हा दोष नसून हीच व्यवस्था आहे. सणापूर्वी घराला चुन्याचा हात देणारे कुटुंब नकळत भिंतीच्या देखभालीचे वेळापत्रक पाळत होते.

चुन्यात 'थोडेसे' सिमेंट घालण्याची तडजोड गवंडी हमखास सुचवतो. चुना लवकर धरतो, काम आटोपते. परंतु अशा मिश्रणात चुन्याची लवचीकता आणि सच्छिद्रता घटते आणि सिमेंटचे बळही पुरते येत नाही. संवर्धनक्षेत्रात ही तडजोड त्याज्य मानली जाते. लवकर धरणे हवे असेल तर त्याचा जुना उपाय सुरखी हाच आहे.

६. जीर्णोद्धार की डागडुजी?

ही चर्चा केवळ तांत्रिक नाही, आणि तिचा इतिहास साहित्याला परका नाही. जॉन रस्किनने 'द सेव्हन लॅम्प्स ऑफ आर्किटेक्चर' (१८४९) या ग्रंथात जुन्या इमारती 'मूळ रूपात आणण्या'च्या कल्पनेवर कठोर टीका केली. कवी विल्यम मॉरिस याने १८७७ मध्ये जुन्या इमारतींच्या संरक्षणासाठी संस्था स्थापन केली. तिला 'अँटी-स्क्रेप' असे टोपणनाव पडले, कारण चर्चच्या भिंतींवरचे जुने थर खरवडून काढण्याला तिचा विरोध होता. आज जुन्या घराचा गिलावा खरवडून 'अस्सल' वीट उघडी करण्याची आवड पुन्हा दिसते. ज्या मऊ विटा मुळात गिलाव्याखाली राहण्यासाठी घातल्या होत्या, त्या पावसात उघड्या टाकणे हा अस्सलपणा नव्हे.

भारतात जॉन मार्शल यांच्या 'कॉन्झर्वेशन मॅन्युअल'ने (१९२३) नूतनीकरणापेक्षा जतनाला अग्रक्रम दिला. १९८४ मध्ये स्थापन झालेल्या 'इंटॅक'ने २००४ च्या आपल्या सनदेत कायद्याचे संरक्षण नसलेल्या वास्तूंचा विचार केला आणि पारंपरिक कारागिराच्या ज्ञानालाही वारसा मानले. या दोन भूमिकांत ताण आहे. पहिलीचा कल जुने द्रव्य राखण्याकडे, दुसरीचा ते घडवणारे हात राखण्याकडे. शिल्पांकित मंदिराच्या बाबतीत हा ताण तीव्र असेल; राहत्या घराच्या बाह्य भिंतीपुरता मात्र तो बराच निवळतो. दरज आणि गिलावा ही मुळातच बदलण्याची द्रव्ये असल्याने गवंड्याला काम मिळते, आणि वीट व लाकूड ही राखण्याची द्रव्ये असल्याने इतिहासही राहतो.

पाठचिकित्सेचा अनुभव येथे उपयोगी पडतो. भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने महाभारताची चिकित्सक आवृत्ती सिद्ध करताना जेथे पाठ निश्चित नाही तेथे अक्षरांखाली नागमोडी रेघ दिली. संपादकाने निवड केली, परंतु निवडीची खूण ठेवली. आणि वगळलेला पाठ तळटीपेत जपला, जेणेकरून पुढच्या अभ्यासकाला निर्णय फिरवता यावा. चुन्याची दुरुस्ती नेमकी अशी असते. ती जवळून पाहता ओळखू येते, आणि छिन्नीने काढता येते, विटेला इजा न होता. सिमेंटची दुरुस्ती ही मूळ पोथीवर पक्क्या शाईने केलेली सुधारणा होय : ती चुकीची ठरली तरी आता खालचे अक्षर वाचता येत नाही.

७. समारोप

चुन्याचा मार्ग सोपा नाही, हे मान्य केले पाहिजे. मुरवलेला चुना सहज मिळत नाही. तो हाताळणारे गवंडी थोडे आहेत. कामाला एक हिवाळा जातो आणि मजुरी अधिक पडते. वाडा भाडेकरूंनी भरलेला आणि हिस्सेदारांत विभागलेला असेल तर हा खर्च कोणी करावा, हा प्रश्न तत्त्वाने सुटत नाही. पुष्कळ मालक सिमेंटकडे वळतात ते अज्ञानाने नव्हे, अगतिकतेने. त्यांना निदान एवढे सांगता येते की सारी भिंत एकदम करण्याची गरज नाही. पन्हळ दुरुस्त करणे, जोत्यालगतचे पाणी वळवणे, सुटलेल्या दरजा चुन्याने भरणे आणि सफेदीचा हात चालू ठेवणे, हे अल्प खर्चाचे आहे. आणि काही न करणे हेही सिमेंट लावण्याहून पुष्कळदा कमी घातक असते.

भाषेच्या अभ्यासकाचे कामही येथे आहे. विरवणे, मुरवणे, धरणे, थापटणे, बद्द वाजणे, दरज, निरू, घाणा हे शब्द कोशात सापडतील, पण शब्द कोशात असणे आणि हातात असणे यांत अंतर आहे. ते ज्यांच्या हातात होते अशा गवंड्यांची पिढी उतरणीला लागली आहे. त्यांच्याकडून हे शब्द क्रियेसह, मिश्रणाच्या प्रमाणासह आणि ऋतूसह नोंदवून घेतले पाहिजेत, आणि हिंदी, बंगाली, गुजराती, तमिळ या भाषांतील समांतर शब्दांशी ताडून पाहिले पाहिजेत. ही नोंद झाली तर पुढे एखाद्या भिंतीपाशी उभ्या राहिलेल्या माणसाला 'प्लास्टर' या एका शब्दावर अवलंबून राहावे लागणार नाही. शिवण कोठे उसवली आहे हे त्याला पाहता येईल, आणि ती कोणत्या धाग्याने घालावी हेही विचारता येईल.